थरारकथेसाठी मदत हवी : घोडबंदरचा टॉवर, चार दिवस आणि गच्चीवरच्या टाकीला कुलूप

कावेसरकर

मंडळी, एका दिवाळी अंकासाठी दीर्घकथा लिहितोय. थरारकथा. कथानक थोडक्यात असं:

ठाण्यात घोडबंदर रोडच्या खाडीकडच्या बाजूला बावीस मजली टॉवर, ए आणि बी अशा दोन विंग, मिळून चौऱ्याऐंशी फ्लॅट. जुलै महिना, रात्रभर कोसळणारा पाऊस, त्यात मोठी भरती. पहाटे वीज जाते. जनरेटर तळघरात आणि तळघरात पाणी. कंपाउंडबाहेर छातीभर पाणी, मोबाइलला रेंज नाही. आत साधारण साडेतीनशे माणसं. पहिल्या दिवशी सगळे गुण्यागोविंदाने, पोडियमवर सामुदायिक खिचडी वगैरे. दुसऱ्या दिवशी कुरबुरी. तिसऱ्या दिवशी कमिटीतले चौघं गच्चीवरच्या टाकीला कुलूप लावतात. चौथ्या दिवशी लिफ्टच्या खड्ड्यात वॉचमनचा मृतदेह सापडतो, आणि तो आपणहून पडलेला नाही हे सगळ्यांना कळतं.

संपादकांना कल्पना आवडली, पण म्हणतात, ‘चांगल्या घरची शिकलेली माणसं चार दिवसांत इतकी घसरतील हे पटत नाही.’ बायको म्हणते, ‘चार दिवस कशाला? आपल्या एजीएमला चाळीस मिनिटं पुरतात.’

तर प्रश्न असा, की खरोखर असं घडल्याची उदाहरणं आहेत का? किती वेळात घडलं आणि नेमकं कशामुळे? कादंबऱ्या-सिनेमे सुचवू नका, ते झालेत. खरं घडलेलं हवंय.

मनीमाऊ

वाचतेय. वहिनींना +१००.

शीड_उभारा

तुम्हाला हवं तसं सगळ्यात जवळचं उदाहरण म्हणजे ‘बॅटाव्हिया’. डच ईस्ट इंडिया कंपनीचं जहाज, ऑक्टोबर १६२८ मध्ये हॉलंडहून जावाकडे निघालं आणि ४ जून १६२९ च्या पहाटे ऑस्ट्रेलियाच्या पश्चिम किनाऱ्याजवळ अब्रोल्होस बेटांच्या खडकांवर चढलं. जहाजावर तीनशेच्या वर माणसं. बरीचशी एका उजाड, बुटक्या बेटावर पोचली. मुख्य अधिकारी पेल्सार्ट काही लोकांना घेऊन होडीने मदत आणायला जावाला गेला. मागे वरिष्ठ म्हणून उरला येरोनिमस कॉर्नेलिस, पूर्वाश्रमीचा औषधविक्या.

हा माणूस वेडापिसा होऊन कुऱ्हाड घेऊन धावला नाही. त्याने आधी बुडालेल्या जहाजावरून आलेलं अन्न, हत्यारं आणि होड्या एका ठिकाणी जमा केल्या. ऐकायला किती शहाणपणाचं वाटतं पाहा, तुमच्या कमिटीनेही हेच केलं असतं. मग माणसं वेगवेगळ्या बेटांवर पांगवली. डोईजड होतील अशा सैनिकांना ‘पाणी शोधा’ म्हणून हत्यारांशिवाय दूरच्या बेटावर सोडलं, ते तिकडे मरतील या हिशोबाने. पहिल्या हत्यांना न्यायाचा मुलामा होता, चोरीचा आरोप ठेवून शिक्षा. मग रात्री गुपचूप बुडवणं. मग दिवसाढवळ्या. बायका, मुलं, आजारी, सगळे. शंभराहून जास्त माणसं मारली गेली.

तुमच्या संपादकांसाठी वेळेचा हिशोब: जहाज फुटल्यापासून साधारण महिनाभरात हत्या सुरू झाल्या होत्या. आणि तोवर उपासमारीने कोणी टेकीला आलं नव्हतं. पाऊस पडला होता, मासे होते, पक्षी होते. तेव्हा ‘भुकेने माणसं जनावर झाली’ हे सोपं स्पष्टीकरण इथे चालत नाही.

त्या पाठवलेल्या सैनिकांना, विबे हेस हा त्यांचा म्होरक्या, खरंच पाणी सापडलं. खायला वॉलबी होते, कांगारूचे लहान भाईबंद. पळून आलेल्या लोकांनी बातमी दिल्यावर त्यांनी जहाजाच्या मोडक्या सामानातून हत्यारं बनवली, दगडांचा आडोसा रचला आणि हल्ले परतवले. तो आडोसा अजून उभा आहे. युरोपीय लोकांनी ऑस्ट्रेलियात बांधलेलं सर्वांत जुनं बांधकाम म्हणतात त्याला. सप्टेंबरमध्ये पेल्सार्ट परतला, २ ऑक्टोबरला कॉर्नेलिसचे हात तोडून त्याला फाशी दिलं.

नेरुळचा_नाना

भारीच. अवांतर: नवी मुंबईत ही कथा घडूच शकत नाही. आमच्याकडे पालिकेच्या मालकीचं मोरबे धरण आहे. ठाणेकरांनी टँकरवर जगून थरारकथा लिहाव्यात. दिवे घ्या.

कावेसरकर

नानासाहेब, धरण मोरब्याला. पाणी बाविसाव्या मजल्यावर चढवायला वीज लागते.

शीड_उभारा, अनेक आभार. ‘शहाणपणाचं वाटतं पाहा’ हे वाक्य टोचलं. माझे चौघं कुलूप लावताना दुष्टच दाखवलेत मी, डोळे बारीक करून वगैरे.

पारसिकची_हवा

उलटं उदाहरण देते. जून १९६५, टोंगातल्या बोर्डिंग शाळेची सहा मुलं एक होडी पळवून निघाली. वादळ, शिडं फाटली, सुकाणू गेलं, आणि ‘आता’ नावाच्या निर्मनुष्य बेटावर लागली. पंधरा महिने तिथे होती. सप्टेंबर १९६६ मध्ये पीटर वॉर्नर नावाच्या ऑस्ट्रेलियन माणसाला दिसली तेव्हा सहाच्या सहा जिवंत आणि धडधाकट. जोड्या करून पाळ्या लावल्या होत्या, विस्तव विझू दिला नव्हता, झाडाचे बुंधे पोखरून पावसाचं पाणी साठवलं होतं. भांडण झालं की दोघांनी बेटाच्या दोन टोकांना जायचं आणि डोकं थंड झाल्यावर परत यायचं. एकाचा पाय मोडला तर बाकीच्यांनी तो बांधून नीट जुळवला.

घरी पोचल्यावर पहिलं काय झालं? तुरुंग. होडीच्या मालकाने तक्रार केली होती.

म्हणजे एकटं पडलं की माणूस घसरतोच, हे काही खरं नाही. संपादकांचं बरोबर आहे.

एक_वाचक

सहा मित्र आणि साडेतीनशे फ्लॅटधारक यांची तुलना होत नाही.

टाकीवाला

सोसायट्यांच्या पंप-प्लंबिंगची कामं घेतो, म्हणून लिहितोय. तुमच्या कथेत पाण्याचा हिशोब जुळत नाही.

शहरात माणशी रोज १३५ लिटर धरतात. साडेतीनशे माणसांचे झाले ४७,२५० लिटर. पण आपत्तीत किमान गरज म्हणून माणशी १५ लिटर धरतात, पिणं, स्वयंपाक, थोडी स्वच्छता. म्हणजे ५,२५० लिटर. गच्चीवर दोन्ही विंगच्या मिळून ५०,००० लिटर भरलेल्या असतील तर नऊ दिवस आरामात. चौथ्या दिवशी पाण्यावरून खून कशाला होईल?

आता खरं काय होतं ते सांगतो. वीज गेली आणि पंप बंद झाला की ग्रुपवर मेसेज पडतो, ‘पाणी जपून वापरा.’ हा मेसेज वाचल्याबरोबर प्रत्येक घरात सगळे नळ सुरू होतात. बादल्या, पिंप, पातेली, बेबी टब, कुकरसुद्धा. दोन तासांत गच्चीवरची टाकी खडखडाट. पाणी संपलेलं नसतं, चौऱ्याऐंशी बाथरूममध्ये वाटलं गेलेलं असतं, आणि कोणाकडे किती आहे हे कोणालाच माहीत नसतं. भरताना सगळे झोपेतून उठलेले नसतात. ज्याचं घर बंद होतं, जी बाई नाइट ड्युटीवर होती, ज्या आजीला बादली उचलत नाही, त्यांच्याकडे तांब्याभर.

खालच्या जमिनीतल्या टाकीवर विसंबू नका. पुराचं पाणी झाकणातून आत शिरतं, त्यात गटाराचं मिसळलेलं असतं. आणि फ्लश विसरू नका, एका वेळेला सहा ते दहा लिटर. तुमच्या कथेत चार दिवस कोणी संडासला गेलेलं नाही.

मनीमाऊ

शेवटच्या वाक्याला _/\_

कावेसरकर

टाकीवाला, दंडवत. टाकीला कुलूप लावायच्या आधीच ती रिकामी झालेली असते! कथेचा तिसरा दिवस पहिल्या दिवशी सकाळी साडेआठलाच उरकतो.

भरतीओहोटी

मी कोलशेतचा. एक विचारू? तुमच्या टॉवरच्या भिंतीपलीकडे काय आहे? ‘छातीभर पाणी’ लिहून सोडून दिलंत. पलीकडे आमचं गाव आहे, टॉवरच्या कितीतरी आधीपासूनचं. खाडीवर होड्या आहेत. भरती कधी उतरते हे आमच्या म्हाताऱ्यांना घड्याळ न बघता कळतं. छातीभर पाणी असेल तर पहिल्या दिवशी दुपारी आमची पोरं होडी घेऊन तुमच्या गेटवर असतील. प्रश्न एवढाच, की तुमचा वॉचमन गेट उघडेल का, आणि त्याला उघडू दिलं जाईल का.

२७ जुलै २०१९ आठवा. महालक्ष्मी एक्सप्रेस बदलापूर आणि वांगणीच्या मध्ये उल्हास नदीच्या पुरात अडकली. हजारभर प्रवासी, त्यात गरोदर बायका. एनडीआरएफच्या बोटी आणि नौदलाची हेलिकॉप्टर टीव्हीवर दिसली, पण आसपासच्या गावचे लोकही पाण्यात उतरले होते. सगळे सुखरूप बाहेर आले. डब्यात कोणी कोणाचा गळा धरला नाही.

तुमची माणसं एकटी पडलेली नाहीत. गावाशी त्यांचं बोलणंच नसतं, म्हणून त्यांना तसं वाटतं.

पारसिकची_हवा

दादा, जबरदस्त.

जुनी_लोकल

२६ जुलै २००५ ला मी रुळांवरून चालत ठाण्याला आलो. सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस झाला, त्या दिवशी. रस्ताभर अनोळखी लोक चहा-बिस्किटं घेऊन उभे होते, मुलुंडला एका चाळीतल्या मावशींनी कोरडा शर्ट दिला तो परत करायचा राहूनच गेला. चांगुलपणाच्या या गोष्टी सगळ्यांना पाठ आहेत.

दोनच दिवसांनी जुहूच्या नेहरूनगरात पाण्याचा लोंढा येतोय अशी अफवा उठली आणि चेंगराचेंगरीत माणसं गेली, ते मात्र कोणी आठवत नाही. पाणी आलं होतं तेव्हा माणसं शहाणी राहिली आणि पाणी येतंय असं नुसतं ऐकल्यावर एकमेकांना तुडवून गेली. कावेसरकर, मोबाइल बंद ठेवलात ते उत्तम. कोलशेतची होडी गेटवर आली की जिन्यावरून बातमी चढू द्या. तळमजल्यावर ‘गावातली पोरं आलीत’, सातव्यावर ‘बाहेरचे लोक घुसतायत’, अठराव्यावर ‘ए विंग लुटली’.

तर्कटराव

प्रयोगही झालेत यावर. १९५४ मध्ये अमेरिकेत ओक्लाहोमा राज्यातल्या रॉबर्स केव्ह उद्यानात मुझफर शेरीफ या मानसशास्त्रज्ञाने अकरा-बारा वर्षांची बावीस मुलं उन्हाळी शिबिराला नेली. दोन गट, स्पर्धा, बक्षिसं फक्त जिंकणाऱ्यांना. काही दिवसांतच झेंडे जाळणं, रात्री एकमेकांच्या खोल्यांवर धाडी, शिवीगाळ. मग संशोधकांनी मुद्दाम शिबिराचं पाणी बंद पाडलं. टाकीच्या नळात गोणपाट कोंबलं होतं. ते शोधून काढायला दोन्ही गट एकत्र कामाला लागले. टाकी आहे बरं का, तुमच्या कामाची.

पण त्याच्या आदल्या वर्षी न्यूयॉर्क राज्यात हाच प्रयोग फसला होता, ते फारसं सांगितलं जात नाही. तिथे मुलांची आधी आपसात दोस्ती होऊ दिली आणि मग गट पाडले. संशोधकांनी कितीही काड्या घातल्या तरी मुलं भांडेनात, उलट मोठी माणसंच हे सगळं करतायत असा त्यांना संशय आला.

थोडक्यात, भांडण आपोआप होत नाही, कोणीतरी मांडावं लागतं. तुमच्या कथेत ते कोण मांडतंय? ए आणि बी विंगची स्वतंत्र व्हॉट्सॲप ग्रुपं आहेत का?

कावेसरकर

आहेत. गणपतीच्या वर्गणीवरून झाली होती.

सुगरणीचा_खोपा

इतका वेळ नुसती वाचत होते. मूळ धाग्यात ‘साडेतीनशे माणसं’ असं आहे. ही मोजली कोणी? त्या रात्री आत तीन वॉचमन असणार. सोळाव्या मजल्यावरच्या आजोबांकडे रात्रपाळीला आलेली आयाबाई. पार्किंगमध्ये गाडीत झोपलेला एखादा ड्रायव्हर. पहाटे दूध टाकायला आला आणि अडकला तो मुलगा. हे साडेतीनशेत धरलेत का?

कमिटी वाटप करायला बसली की पहिला ठराव ठरलेला, ‘फ्लॅटमागे दोन बादल्या.’ माणशी नाही, फ्लॅटमागे, कारण मेन्टेनन्सचं रजिस्टर फ्लॅटप्रमाणेच लावलेलं असतं. मग एकट्या राहणाऱ्या काकांना दोन बादल्या आणि सात जणांच्या घरालाही दोनच. आणि वॉचमनला फ्लॅट नाही. कोणी मुद्दाम वगळलं नाही, यादीत रकानाच नाही.

२०२० च्या टाळेबंदीत आमच्याकडे वॉचमन आतच राहत होते. त्यांच्या जेवणाच्या पाळ्या आम्ही बायकांनी हौसेने लावल्या, फोटोही काढले. अंघोळ कुठे करतात हे कोणी विचारलं नव्हतं. क्लबहाऊसच्या बाथरूमला कुलूप होतं, नियमाप्रमाणे.

तुमच्या वॉचमनला कोणी ढकलायची गरज नाही. तो रात्री पाणी शोधत तळघराकडे उतरला एवढं पुरे. त्याला तहान लागली होती हे चौऱ्याऐंशी घरांना माहीत होतं की नव्हतं, तिथे तुमचा थरार आहे.

एक_वाचक

आला का नेहमीचा सूर? कमिटीला झोडपायची फॅशन झालीये. फुकट राबायचं आणि वर शिव्या खायच्या. ज्यांचे तीन-तीन वर्षांचे मेन्टेनन्स थकलेत तेच माणुसकीच्या गप्पा मारतात. अशांना पहिली बादलीसुद्धा देऊ नये. ज्याने टँकरचे पैसे भरले त्याचं पाणी.

मनीमाऊ

ताईंनी कोणालाही झोडपलेलं नाही, पुन्हा वाचा. आणि थकबाकीसाठी पाणी तोडता येत नाही. वसुलीची रीत सहकार कायद्यात दिलेली आहे.

एक_वाचक

कायदा शिकवू नका. तुमच्यासारख्या लोकांमुळेच सोसायट्या बुडतात. भाडेकरू असाल नक्की.

मनीमाऊ

असले तर? भाडेकरूला तहान लागत नाही?

नेरुळचा_नाना

लोकहो, शांत. एक_वाचक, भाडेकरूवाली ओळ मागे घ्या, शोभत नाही.

एक_वाचक

मी काहीही मागे घेणार नाही.

शीड_उभारा

मूळ विषयावर. सुगरणीचा_खोपा यांच्या प्रतिसादावरून एक जोडउदाहरण आठवलं, धागाकर्त्याला याहून उपयोगी दुसरं मिळणार नाही.

न्यूझीलंडच्या दक्षिणेला ऑकलंड बेटं आहेत. थंडी, वारा, पाऊस, झुडपं. ३ जानेवारी १८६४ ला ‘ग्राफ्टन’ नावाचं गलबत तिथे फुटलं, पाच माणसं. त्याच वर्षी ११ मेला त्याच बेटाच्या दुसऱ्या टोकाला ‘इन्व्हरकॉल्ड’ फुटलं. पंचवीसपैकी एकोणीस किनाऱ्याला लागले. दोन्ही गटांना एकमेकांचा पत्ता नव्हता.

ग्राफ्टनचे पाचही जण वाचले. इन्व्हरकॉल्डचे एकोणिसातले तीन.

ग्राफ्टनवर रेनाल नावाच्या फ्रेंच माणसाने सुचवलं, की आपल्यातला एक कुटुंबप्रमुख निवडू. त्याने भांडणं मिटवायची, कामं वाटायची. पण तो नीट वागला नाही तर मत घेऊन त्याला काढता येईल. हे कलम महत्त्वाचं. नियम लिहून काढले बायबलच्या कोऱ्या पानावर, आणि निवडलं कप्तान मस्ग्रेव्हलाच. संध्याकाळी एकमेकांना शिकवायचे, ज्याला जे येतं ते. रेनालने पत्त्यांचा जोड बनवला होता, पण कप्तान हरला की चिडतो असं दिसल्यावर तो जोड त्याने जाळून टाकला! शेवटी तिघं स्वतः डागडुजी केलेल्या होडक्यातून समुद्र ओलांडून गेले आणि उरलेल्या दोघांसाठी मदत घेऊन आले.

इन्व्हरकॉल्डवर अधिकारी अधिकारीच राहिले, खलाशी खलाशीच. माणसं गट-गट करून भटकली, अशक्तांना मागे सोडलं.

एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. ग्राफ्टनचा सांगाडा किनाऱ्याजवळ टिकला, त्यातून शिडाचं कापड, अवजारं, बंदूक मिळाली. इन्व्हरकॉल्ड काही मिनिटांत चुरा झालं, त्यांच्या हाताला जवळजवळ काहीच लागलं नाही. सगळं श्रेय त्या कोऱ्या पानाला देता येत नाही. पण फरक निव्वळ सामानाचाही नव्हता.

भरतीओहोटी

म्हणजे सामान जास्त असलेलेच नीट वागले. टॉवरवाल्यांना हे लागू होत नाही असं दिसतं.

जुनी_लोकल

:D :D

कावेसरकर

दोन रात्री बसून आराखडा मोडला. आता असा आहे:

कुलूप काढून टाकलं. पहिल्या सकाळी टाकी रिकामी, टाकीवाल्यांच्या हिशोबाने. दुपारी कोलशेतची होडी येते, वॉचमन गेट उघडायला निघतो, कमिटी थांबवते. कारण काही वाईट नाही, ‘आधी चौकशी करू’ एवढंच. होडी परत जाते. रात्री पाऊस पडतो आणि सगळे गच्चीवर ताडपत्र्या बांधून पाणी धरतात, इथे खरंच आनंदाचा प्रसंग आहे, तो ठेवणारच. त्या पाण्याने टाकी थोडी भरते आणि मग वही येते. सेक्रेटरी भला माणूस आहे, निवृत्त बँक मॅनेजर, सुंदर अक्षर. वही पहिले दोन दिवस पोडियमच्या टेबलावर उघडी. तिसऱ्या दिवशी कोणीतरी आकड्यावरून हुज्जत घालतं, म्हणून तो ती घरी नेतो. त्याला तमाशा नकोय. बस, तिथून पुढे उतार.

वॉचमनचं नाव आता पहिल्याच पानावर आहे. आयाबाई आणि दूधवाला मुलगाही आहेत.

शेवटाचा अजून निकाल लागत नाही. एक तांत्रिक शंका, टाकीवाला यांना: गच्चीवरून फक्त बी विंगचं पाणी बंद करता येईल का, कोणाच्या लक्षात न येता?

सुगरणीचा_खोपा

सेक्रेटरी भला माणूस केलात ते फार चांगलं केलंत. बायको असू द्या त्याला, आणि वही घरी आणल्यावर तिला ती वाचू द्या.

टाकीवाला

येईल. टाक्या जोडलेल्या असल्या तरी खाली जाणाऱ्या लाइनी वेगळ्या असतात, प्रत्येकीला गच्चीवर स्वतंत्र वॉल (व्हॉल्व्ह). बी विंगचा फिरवून बंद करायचा आणि वरचं चाक काढून खिशात टाकायचं. मागचा-पुढचा बघणारा ‘वॉल खराब आहे’ म्हणून सोडून देईल, पान्ह्याशिवाय फिरवता येणार नाही. बी विंगवाल्यांना वाटेल टाकीच संपली.

पण परत सोडताना पंचाईत आहे. लाइन रिकामी झालेली असते, आत हवा भरलेली. पाणी सोडलं की आधी हवा बाहेर पडते, नळ फुसफुसतात, पाइप डक्टमध्ये धाडधाड वाजतो. रात्री तीनला सोडलंत तरी विसाव्या मजल्यावरच्या आजी उठून बसणार. उघडा राहिलेला एखादा नळ असेल तर पाणी वाहून जाणार ते वेगळंच. बंद करणं गुपचूप होईल, सोडणं होणार नाही, तेवढं कथेत सांभाळा.

मनीमाऊ

मग आजीच साक्षीदार! त्यांना झोप येत नाही असं आधीच कुठेतरी पेरून ठेवा. अंक आला की इथे कळवा.